कडीवरचा हात

सकाळचे दहा वाजून वीस मिनिटं झाली होती, तेव्हा थेक्लाने आपली आठ महिन्यांची ऑपल दुसऱ्या बाईच्या हातात दिली. सगळं तिथून सुरू झालं.

कॅलिफोर्नियातल्या त्या डोंगरघळीत सिनेमा कंपनीने उघड्यावर तीन भिंतींचं घर उभारलं होतं. वर छत नाही, नुसतं ऊन गाळायला ताणलेलं पांढरं कापड. रात्रीचा प्रसंगसुद्धा दहाच्या उन्हातच घ्यायचे. मागाहून फीत निळ्या रंगात बुडवली, की झाली रात्र. थेक्लाचा नवरा रोस्को एरवी घोड्यावरून पडायची कामं करायचा. या खेपेला मात्र तो नायक होता, आणि सिनेमात त्याची बायको झाली होती कंपनीतली नटी मॉडी. नवरा डाकूंच्या मागावर गेलाय, बायको बाळाला घेऊन दिव्यापाशी वाट बघतेय, असा प्रसंग होता.

थेक्लाच्या कडेवर ऑपल रडून लाल झाली होती. मॉडीने घेतली आणि गप्प. वर तिच्या खांद्यावर मान टाकली.

"बघा, हिला कळतंय खरी आई कोण ते," कोणीतरी म्हणालं. सगळे हसले. रोस्कोही हसला.

काम संपल्यावर ती पोरीला घ्यायला गेली, तर मॉडी सोडेना. "राहू दे ना जरा. तुझ्याकडे तर रोजच असते."

"पडद्यावर घे की हवी तेवढी."

"पडद्यावर नेऊ? खरंच?"

"ने," थेक्ला म्हणाली, आणि पोर जवळजवळ ओढूनच घेतली.

चार दिवसांनी घळीच्या वळणावर घोडागाडी उलटली आणि मॉडी गेली. थेक्लाही रडली. पण आत कुठेतरी तिला हायसं वाटलं, आणि त्याची तिला लाज वाटली.

थेक्ला कंपनीच्या शेडमध्ये फितीचे तुकडे जोडायची. तिथल्या डिंकाला पिकल्या केळ्याचा वास यायचा. पायाशी साबणाच्या खोक्यात ऑपल निजायची. त्या सिनेमाच्या सहा प्रती आता एकेक करून तिच्या टेबलावर येऊ लागल्या. एकाच मूळ फितीवरून काढलेल्या, म्हणजे सगळ्या सारख्याच असायला हव्यात.

पहिल्या प्रतीत मॉडी बाळाला घेऊन खुर्चीत बसली होती. दुसरीत ती उभी होती.

थेक्लाने शेजारच्या टेबलावर फिती जोडणाऱ्या ग्रिग्सबाईंना विचारलं, हा प्रसंग दोनदा घेतला होता का? त्या म्हणाल्या, "एकदाच गं. पोर गप्प बसली ना, मग दुसऱ्यांदा कशाला?"

तिसऱ्या प्रतीत मॉडी दाराकडे दोन पावलं गेली होती. त्या दारामागे खोली नव्हती, काही नव्हतं. त्या दिवसापासून ऑपल आईच्या हाकेला वळेनाशी झाली. शेजारणीकडे बघावं तशी बघायची. रोज दहा वीसला मात्र दोन्ही हात वर करायची... कोणीतरी उचलून घ्यावं म्हणून. आणि मांडीवर दिवसेंदिवस हलकी लागत होती.

थेक्लाने रोस्कोला सगळं सांगितलं. तो बुटातली माती झाडत म्हणाला, "मेलेल्या बाईवर कसली जळतेस?"

चौथीत मॉडी दारापाशी पोचली होती. पाचवीत तिचा हात कडीवर होता, पण तोंड दाराकडे नव्हतं. ती सरळ थेक्लाकडे बघत होती. ओठ हलत होते. मुक्या चित्रातले ओठ वाचायची थेक्लाला सवय होती...

नेऊ ना?

थेक्लाने कात्री घेतली. टेबलावरच्या पाचही प्रतींतून तो प्रसंग कापून शेगडीत टाकला. मग सहावी शोधू लागली.

"ती मी कालच जोडली," ग्रिग्सबाई म्हणाल्या. "दुपारच्या गाडीने गेलीसुद्धा."

कुठल्या गावी, ते कोणालाच सांगता येईना. अशी प्रत गावोगाव फिरत राहते.

थेक्लाने वाकून ऑपलची दुलई काढली. पोर जागी होती, गप्प होती. तिची दोन्ही पावलं घोट्यापर्यंत निळी झाली होती. रंगाची टाकी घळीच्या पलीकडच्या टोकाला, कुलपात असते.

म्हणून थेक्लाचं एवढंच मागणं आहे. तुमच्या गावी तो निळ्या रात्रीचा खेळ आला, तर यंत्राचा दांडा फिरवणाऱ्याला आधीच गाठा. बाईचा हात कडीवर गेला, की तिथेच थांब म्हणावं. आणि पुढच्या गावालाही कळवा... ते दार उघडायच्या आत.