देगलूरला कळवायचं राहिलं

ही गोष्ट खरी आहे. ज्याला खोटी वाटेल त्याने खुशाल खोटी म्हणावं, मी भांडायला येणार नाही. पण ज्याच्यासोबत घडली तो दयानंद माझा सख्खा मावसभाऊ आहे. आणि यातला हळदीच्या डब्याचा भाग तर माझ्या मांडीवर घडलेला आहे.

आणि हो, अमावस्या, स्मशान, मध्यरात्र असलं यात काही नाही.

सगळं भर दुपारी घडलं. सुरुवात झाली नांदेडात, तरोडा नाक्याजवळच्या एका भाड्याच्या फ्लॅटमध्ये, गेल्या उन्हाळ्यात.

दयानंद मूळचा लोह्याजवळच्या खेड्यातला. घरी शेती, हा रेल्वेच्या ऑफिसात कारकून. नोकरी लागली आणि पोराचा भाव असा वधारला की विचारू नका. आमच्या रामलिंगमामांच्या मोबाईलवर रोज मुलींचे फोटो येऊन पडायचे. मामा ते दयानंदकडे ढकलायचे. दयानंद कुणाला नाही म्हणायचा नाही. हो पण म्हणायचा नाही.

"कळवतो," एवढंच म्हणायचा.

त्याला नाद एकच, गेमचा. सुट्टीच्या दिवशी जेवण झालं की खिडक्या लावून, कूलर सोडून लॅपटॉपसमोर बसायचा. नुसत्या मारामारीचा गेम नव्हे, मोठी गोष्ट असलेला. त्यात आपण सरदार. मुलूखभर फिरायचं, राक्षस मारायचे, आणि रानात मुक्काम पडला की शेकोटीपाशी सोबतच्या बायकांशी बोलत बसायचं. जिच्याशी गोड बोलाल, जिला वस्तू द्याल, तिचा जीव तुमच्यावर जडतो. एकीवरच थांबा असं बंधन नाही. दोघी-तिघींशी एकदम सूत जमवता येतं. फक्त गोष्टीत पुढे एक जागा येते, तिथे प्रत्येकीला उत्तर द्यावंच लागतं.

दयानंद त्या जागेच्या आधी गेम सेव्ह करून ठेवायचा. एकीला हो म्हणायचा, ती काय बोलते ते ऐकायचा आणि मागे यायचा. मग दुसरीला हो. परत मागे. तिघीही खूश, आणि उत्तर कुणालाच नाही.

"असं आयुष्यात पायजे राव," मला म्हणायचा.

त्या गेममध्ये सोबतिणींची नावं आणि चेहरेही बदलता यायचे. या बहाद्दराने काय करावं? मामांनी पाठवलेले फोटो समोर ठेवून त्याने तिघी जणी घडवल्या. तेच नाक, त्याच भुवया. एक लातूरची ऋतुजा. एक परभणीची, तिचं नाव इथे नको, ती आता सुखात आहे.

आणि तिसरी देगलूरची सुकन्या.

सुकन्याला आम्ही जानेवारीत प्रत्यक्ष बघून आलो होतो. मी सोबत होतो. वडील शंकरप्पा, आई गौरम्मा, भली माणसं. पोरगी सावळी, शांत, दोन्ही हातांत गच्च काचेच्या बांगड्या. चहा-पोहे झाले, निघायची वेळ झाली. आम्ही गाडीत बसणार तेवढ्यात ती स्वतः बाहेर आली. आमच्याकडे असं होत नाही.

"नापसंत असले तरी चालंल," ती दयानंदला म्हणाली. "पण हो का न्हाई ते कळवा. तुमचं उत्तर आल्याबिगर अप्पा दुसरीकडं बोलत न्हाईत."

"हाव, कळवतो ना," दयानंद म्हणाला.

मार्चमध्ये लातूरला सुपारी फुटली. ऋतुजा तिथे शाळेत शिकवायची. हसरी, तोंडावर बोलणारी. दयानंदला ती मनापासून आवडली होती, हे मी शपथेवर सांगतो. तिच्याशी बोलताना त्याचा चेहरा बघण्यासारखा व्हायचा. त्या माणसाने जन्मात पहिल्यांदा कुणाला तरी हो म्हटलं होतं.

"देगलूरला सांगितलं का?" मी मामांना विचारलं.

"न्हाई म्हणून कुणी सांगत असतंय का रे? गप ऱ्हायलं की समजतेत लोक."

विषय तिथेच संपला.

एप्रिलमधला रविवार. दुपारची वेळ. रस्त्यावर चिटपाखरू नाही. दयानंदने ठरवलं, आता गेममध्येही ऋतुजाच. तो त्या जागेपाशी आला आणि या खेपेला सेव्ह न करता ऋतुजाला हो म्हणाला.

परभणीची दोन वाक्यं रडली आणि मुक्काम सोडून निघून गेली. गेमच तसा आहे.

मग सुकन्याची पाळी.

ती काहीच बोलली नाही.

शेकोटीपाशी तशीच बसून राहिली. बाकीचे सोबती उठले, तंबूत गेले. शेकोटी विझली. ती बसलेलीच... आणि तिचं तोंड आगीकडे नव्हतं.

पडद्याकडे होतं.

गेम अडकला असेल म्हणून दयानंदने तिच्यावर क्लिक केलं. एरवी आपण बोलायची तीन-चार वाक्यं निवडायला यायची, सगळी इंग्रजीत. गेमच इंग्रजी. त्या दिवशी खाली एकच शब्द आला...

मराठीत.

"कळवतो."

दुसरा पर्याय नव्हता. मागेही जाता येईना. दयानंदला वाटलं, चेहरे बदलायच्या नादात आपणच काहीतरी बिघडवलं. त्याने तो शब्द दाबला.

तेवढ्यात लाईट गेली. कूलर थांबला. घर एकदम चिडीचूप झालं.

आणि स्वयंपाकघरातून आवाज आला... बांगड्यांचा. काचेच्या, गच्च भरलेल्या हातांचा.

दयानंद आत जाऊन बघून आला. कुणी नव्हतं. पण फरशी एका जागी गार होती, पाण्याची घागर नुकतीच उचलावी तशी. त्या घरात घागर नव्हतीच. त्याने त्याच दुपारी गेम काढून टाकला. मला हे तेव्हा सांगितलंही नाही. हसतील म्हणून.

लग्न मे महिन्यात, लातूरला. आदल्या दिवशी दुपारी गावाकडे दयानंदला हळद लागली. आमच्याकडे नवरदेवाची उष्टी हळद नवरीकडे जाते. ती लागल्याशिवाय नवरी नवरी होत नाही. मावशीने, म्हणजे चांगुणाबाईने, हळद स्टीलच्या डब्यात भरली. झाकण घट्ट लावून वर फडकं बांधलं आणि डबा माझ्या मांडीवर दिला. "खाली ठिवू नको रे बाबा," म्हणाली. दयानंदची बहीण राजकन्या माझ्या शेजारी बसली. आम्ही निघालो.

मी डबा खाली ठेवला नाही. कुणाच्या हातात दिला नाही. अहमदपूरला चहासाठी थांबलो तेव्हाही मी गाडीतून उतरलो नाही.

चाकूर ओलांडलं, आणि माझी मांडी गार पडली.

मेचं ऊन, गाडीचा एसी बंद, आणि डब्याखाली माझी मांडी बर्फासारखी. मी राजकन्येकडे बघितलं. ती गाडीत इकडेतिकडे बघत होती.

"दादा, बांगड्या कुणाच्या वाजून राहिल्या?"

तिने स्वतः बांगड्या घातल्या नव्हत्या. पोरगी घड्याळवाली.

लातूरला मांडवात सगळ्या बायका जमल्या होत्या. ऋतुजा पाटावर बसलेली, लाजत, हसत. तिच्या आईने गाठ सोडली. झाकण उघडलं...

डबा रिकामा.

सांडलेला नाही, पुसून घेतलेला. तळाशी चार बोटांच्या रेघा.

सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. मी काय सांगणार? ऋतुजाची आई शहाणी बाई, तिने बोभाटा होऊ दिला नाही. घरातली हळद पटकन कालवली आणि कार्यक्रम उरकला. लग्न झालं. जेवणावळी झाल्या. ऋतुजा नांदेडला नांदायला आली.

पण नवऱ्याची हळद तिला लागलीच नाही.

पहिले काही दिवस बरे गेले. मग एकदा तिने जेवताना दयानंदला विचारलं, "दुपारी तुम्ही ऑफिसला गेलात की दारात एक बाई येते. कोण हाय ती?"

"कसली बाई?"

"बाहेरून विचारती, काय कळवता? दार उघडलं की कुणीच न्हाई. नुसत्या बांगड्या वाजतेत जिन्यात."

दयानंद ताटावरून उठला. त्या दिवशी त्याने मला फोन करून पहिल्यापासून सगळं सांगितलं. सांगताना रडत होता. मला तेव्हा त्याची दया आली, आणि रागही आला.

"तिला एकदा न्हाई म्हणून येऊ," तो म्हणाला. "तोंडावर. माफी मागू. ऋतुजा घाबरून गेली तर मी काय करू रे?"

आम्ही देगलूरला गेलो. शंकरप्पांनी आम्हाला ओळखलं. या म्हणाले नाहीत, जा पण म्हणाले नाहीत. आम्ही आत गेलो.

समोरच्या भिंतीवर सुकन्याचा फोटो होता.

फोटोला हार होता.

"फेब्रुवारीतच गेली," शंकरप्पा म्हणाले. "ताप डोक्यात गेला. दवाखान्यात पण विचारायची, अप्पा, नांदेडहून काय कळवलं? मी म्हणायचो, कळवतेत बाळ."

फेब्रुवारीत... दयानंद खालीच बसला. तिकडे ती तापात पडली होती आणि इकडे हा गेममध्ये तिला फुलं देत होता. ती गेल्यावरही कितीतरी रविवार तो तिच्याशी गोड बोलत बसला होता.

मी फोटोकडे नीट बघितलं. काचेवर पिवळं काहीतरी होतं. कपाळावर, दोन्ही गालांवर. वाळून तडकलेलं.

आतून गौरम्मा आल्या. रडल्या नाहीत. उलट दयानंदकडे मायेने बघितलं. ते जास्त वाईट होतं.

"हळद पोचली, बाबू," त्या म्हणाल्या. "मे महिन्यात. दुपारी आम्ही आडवे झालोतो. दाराला आतून कडी होती. उठून बघतो, तर पोरीला हळद लागलेली. मी पुसली न्हाई."

दिवस मी विचारला. विचारायला नको होता.

तो आमच्या हळदीचाच दिवस होता.

दयानंदने हात जोडले. "आई, माझं चुकलं. मी न्हाई म्हणायला आलतो..."

गौरम्मांनी मान हलवली.

"आता न्हाई कसं म्हणता? पोरीला हळद लागली की."

आम्ही तसेच नांदेडला परतलो. फ्लॅटवर आलो तर दाराला कुलूप. ऋतुजाचा भाऊ येऊन तिला लातूरला घेऊन गेला होता. दयानंदने फोन लावला. मी शेजारीच उभा होतो, स्पीकर चालू होता.

"तुमचा लॅपटॉप आपोआप चालू झाला," ऋतुजा म्हणाली. आवाज अगदी बारीक. "त्यात एक बाई बसलेली हाय. सगळं तोंड पिवळं. ती माझ्याकडं बघून हसली... आणि म्हणली, आता तू जा."

"ऋतुजा, ऐक माझं. मला तूच पायजेस. कधी येतीस?"



"कळवते," ती म्हणाली.

अजून कळवलेलं नाही. दयानंद दर रविवारी लातूरला जातो, सासऱ्याच्या ओट्यावर बसतो, चहा पितो आणि परत येतो. ऋतुजा बाहेर येत नाही. त्याने लॅपटॉप मोडून फेकला, घर बदललं, गुरुजी बोलावून झाले. मावशीने नवस केले. फरक काहीच नाही.

परवा दुपारी त्याचा मला फोन आला. ऑफिसला दांडी मारून घरीच होता. आवाज खोल गेलेला. जेवला का म्हणून विचारलं, तर हो म्हणाला. घरात एकटाच आहेस ना म्हणून विचारलं...

तो गप्प बसला.

त्या शांततेत मला बांगड्या ऐकू आल्या. लांब नव्हत्या, अगदी फोनजवळ. कुणीतरी शेजारी बसून ताटात वाढत असावं, असा आवाज.

"मी येऊ का तिकडं?" मी विचारलं.

त्याने उत्तर द्यायच्या आधी फोन बाजूला धरला. कुणाला तरी हळू आवाजात काहीतरी विचारलं. मग परत फोनवर आला.

"कळवतो," म्हणाला.