सगळ्याला हो

दारात उभा असलेला माणूस काहीतरी विकायला आलाय असं समजून भाऊजी त्याला वाटेला लावणार होते. तेवढ्यात वहिनी बाहेर आल्या. वहिनी खासगी तपासाची कामं घेत. त्यांचे दीर पोस्टातून निवृत्त झाल्यापासून त्यांची पिशवी धरून हिंडत. सगळे त्यांना भाऊजीच म्हणत.

"आमचा दोघा भावांचा बुटांचा कारखाना आहे," माणूस म्हणाला. "धाकट्या भावानं कॉम्प्युटरमधली फाइल पळवली. उद्या वकिलाकडे सह्या करून आम्ही वेगळे होणार. त्याआधी पुरावा हवाय."

बसचं वेळापत्रक सांगावं तसं त्यानं हे सांगितलं.

"चहात साखर घालू?" भाऊजींनी विचारलं.

"हो."

"की बिनसाखरेचा?"

"हो."

चक्रमच दिसतोय, भाऊजींच्या मनात आलं. वहिनी मात्र त्याच्याकडे बघत राहिल्या.

कारखान्यात वाकड्या पायांसाठी बूट बनत. मापं भरली की कॉम्प्युटरवर पायाचा आकार दिसायचा आणि यंत्र त्याचा लाकडी साचा कापायचं. आता प्रोग्राम उघडला की एकच पाटी येत होती: अमुक डीएलएल फाइल सापडत नाही.

"शनिवारी संध्याकाळी मी साचा कापला," थोरला म्हणाला. "सोमवारी सकाळी उघडलं तर हे."

पडद्यावर प्रोग्रामांची छोटी चित्रं ओळीनं लावलेली होती. मधली एक जागा रिकामी होती. वहिनींनी तिच्यावर बोट ठेवलं.

धाकटा चिडलेलाच होता. "सोमवारी संध्याकाळी मी नेटवरून तशी फाइल आणून टाकली, कबूल. पण तीही चालली नाही, पाटी तीच. दादानं मला तिथं बसलेलं पाहिलं आणि झालं. शनिवारी दुपारी मी सासरी गेलो, तो सोमवारी सकाळी आलो. मला वेगळं व्हायचं नाही हो. पण दादाशी बोलणं म्हणजे भिंतीशी बोलणं."

थोरल्याची बायको बुटाला पॉलिश करत होती. तिनं मान वर केली नाही.

"रविवारी बंद असतं. किल्ली यांच्याच खिशात. हे एकटे येऊन बसतात. चार महिने झाले आमचा मुलगा जाऊन. जेवणाच्या सुट्टीत तो इथंच गेम खेळायचा. मी कॉम्प्युटरपुढच्या त्या खुर्चीकडे बघतसुद्धा नाही."

वहिनींनी सगळ्यांना कॉम्प्युटरपाशी बोलावलं.

"फाइल कोणी पळवली नाही. अशी डीएलएल फाइल बरेच प्रोग्राम मिळून वापरतात. दोन बिऱ्हाडांत एकच शिडी असते तसं. आकार दाखवणारी ही फाइल गेमबरोबर आली होती. मापांचा जुना प्रोग्राम तीच वापरायचा, पण कॉम्प्युटरकडे त्याची नोंद नव्हती. ही रिकामी जागा गेमची. तो काढला तेव्हा कॉम्प्युटरनं विचारलं, ही फाइल कोणी वापरत नाही, काढू का? कोणीतरी हो म्हटलं."

"पण कोणी?" भाऊजींनी विचारलं.

"शनिवारी संध्याकाळी प्रोग्राम चालत होता, तेव्हा धाकटे सासरी होते. यांच्या पत्नी खुर्चीकडे बघत नाहीत. रविवारी किल्ली एकाच खिशात. आणि भाऊजी, साखर हवी का, नको का, दोन्हीला हो कोण म्हणालं?"

भाऊजींना मघाशी मनात आलेल्या शब्दाची लाज वाटली.

थोरल्यानं त्या रिकाम्या जागेवर बोट ठेवलं. "त्याच्या गेमचं चित्र रोज दिसायचं," तो म्हणाला. "काढून टाकलं. कशाकशाला हो म्हटलं, आठवत नाही. काही वाटतच नाही मला, बाई. चार महिने काहीच वाटत नाही."

"फाइल परत कशी येईल?" धाकट्यानं हळूच विचारलं.

"जिथून आली तिथूनच. नेटवरची काढा आणि गेम परत घाला."

बायको उठली. मुलाच्या खणातून तिनं गेमची तबकडी आणली आणि चार महिन्यांत पहिल्यांदा त्या खुर्चीपाशी येऊन उभी राहिली.

दहा मिनिटांत रिकामी जागा भरली. मापांचा प्रोग्राम उघडला, पडद्यावर एक वाकडा पाय फिरू लागला. शेजारी गेमचीही पाटी आली, मुलाचा डाव पुसला गेला नव्हता: मागचा डाव अर्धा आहे, पुढे खेळायचं?

थोरल्यानं ती पाटी अक्षरांवरून बोट फिरवत शेवटपर्यंत वाचली. मग दुसऱ्यांदा वाचली.

"नाही," तो म्हणाला. "आज नको. राहू दे तसाच." डोळे पुसून तो धाकट्याकडे वळला. "वकिलाला कळव, उद्या येत नाही म्हणावं."