क्लिओथाचा पाय

शिकागोत, सत्तेचाळिसाव्या रस्त्यावर, पुढच्या खोलीत माझं केस सरळ करायचं दुकान होतं आणि मागच्या खोलीत आमची ब्लूज गाण्यांची रेकॉर्ड कंपनी. कंपनी कसली, मी, एक मशीन आणि एक माइक. सोमवारी दुकान बंद, केस वाळवायची यंत्रं गप्प, म्हणून रेकॉर्डिंग सोमवारी. तापलेल्या कंगव्याचा, करपलेल्या केसांचा वास मात्र भिंतींत मुरलेला असायचा.

क्लिओथा बँकहेड गिटार वाजवत गायचा आणि उजव्या पायानं ठेका धरायचा. त्याच्या बुटाखाली मी एक फळी सरकवायचे, म्हणजे ठेका टेपवर नीट उतरायचा. सुरू करू का, असं विचारलं की तो उत्तर म्हणून दोनदा पाय आपटायचा. मार्चमध्ये त्यानं बायकोवर रचलेलं एक गाणं रेकॉर्ड केलं. तिला ऐकवायचं राहून गेलं. पंधरा दिवसांत तो न्यूमोनियानं गेला.

मे महिन्यात त्याची बायको, व्हर्डेल, आली. घर आवरून ती कायमची मिसिसिपीला निघाली होती. जायच्या आधी तिला ते गाणं एकदा ऐकायचं होतं, बाकी काही नको म्हणाली. मी तिला सोमवारी दुपारी बोलावलं. ती गेल्यावर गाण्याच्या टेपचा डबा उघडला, टेप मशीनवर लावली, तर सॅक्सोफोन वाजू लागला. आमच्यासारख्या छोट्या कंपन्या टेपा पुसून पुन्हा वापरायच्या. क्लिओथाच्या गाण्यावर मी एका सॅक्सोफोनवाल्याची तालीम चढवली होती.

खरं सांगायला हवं होतं. जीभ रेटेना.

त्या काळी नावाजलेल्या गायकाची हुबेहूब नक्कल करून पोट भरणारे पुष्कळ होते. होजिया पेटवे त्यातला अव्वल. क्लिओथाच्या नावावर तो गावोगाव गाऊन आला होता, आणि क्लिओथा त्याच्यावर दात खाऊन असायचा. मी त्यालाच गाठलं. सोमवारी सकाळी, आठवलं तसं गाणं त्याला शिकवलं. गळा तंतोतंत, पण पाय तालात पडेना. चुकीच्या ठेक्यापेक्षा ठेका नसलेला बरा, म्हणून मी त्याला बूट काढायला लावले, पायाखाली जाड गालिचा अंथरला आणि गाणं टेपवर घेतलं. मग त्याला मागच्या दारानं घालवून दिलं.

दुपारी व्हर्डेल आली. चर्चला जाताना घालायची टोपी घालून आली होती. मी मशीन सुरू केलं. तिनं डोळे मिटले.

पहिलं कडवं संपता संपता गाण्याखालून ठेका येऊ लागला. बुटाचा, लाकडावरचा... फळी समोरच भिंतीला टेकून उभी होती.

"आवाज त्याचा नाहीये, ओर्लीन," व्हर्डेल डोळे न उघडता म्हणाली.

मी आवाज कमी करायला हात पुढे केला.

"पाय त्याचा आहे." ती म्हणाली, "असा पाय तो चिडला की आपटायचा."

टेप संपली. मी घाईनं मशीन बंद केलं. ठेका थांबला नाही. आता तो माझ्या खुर्चीसमोरच्या रिकाम्या गालिच्यावरून येत होता...

"त्याला सांग, काय केलंस ते," ती हळूच म्हणाली. "मला नंतर सांग."

मी सांगितलं. टेप कशी पुसली, होजियाला कसं बोलावलं, सगळं त्या गालिच्याकडे बघत सांगितलं. मला रडू आवरेना. ठेका हळू झाला, मग थांबला.

व्हर्डेल उठली. मला एका शब्दानं बोलली नाही. बोलली असती तर बरं वाटलं असतं. दार उघडून ती तिथेच उभी राहिली. मला वाटलं, माझ्यासाठी थांबलीय.

"चल रे," ती गालिच्याकडे बघून म्हणाली. "गाडीची वेळ झाली."

बराच वेळ तिनं दार धरून ठेवलं. मग तिचा हात खाली आला.

"येत नाही म्हणतोय," ती म्हणाली. "माझ्यावरचं गाणं स्वतः परत गाऊन टेपवर घेतल्याशिवाय हलणार नाही म्हणतो."

ती एकटीच गेली. त्यानंतर मी अकरा वर्षं कंपनी चालवली. गायक कुणीही असो, मी विचारायचे, सुरू करू का? गायकानं मान हलवायच्या आधीच खोलीत क्लिओथाचा पाय दोनदा आपटायचा.