आईच्या उंचीचं बेसिन

दार उघडणाऱ्याने आधी माझ्याकडे पाहिलं, मग माझ्या खांद्यावरून मागे, जिन्याकडे.

"प्लंबर... मागून येतायत का?"

"पुढूनच आलेय," मी हत्यारांची पिशवी वर धरली. "मीच."

कानाच्या पाळ्यांपर्यंत लाल झाला तो. बोटांना खळ चिकटलेली, शर्टाच्या बाहीवर कागदाचे कपटे. पुस्तकांचं बाइंडिंग तो घरीच करायचा. बाहेर कामाला जाणं सुटलं होतं, कारण आतल्या खोलीत चाकाच्या खुर्चीत त्याची आई होती. साखरेच्या आजारात तिचा उजवा पाय मांडीपासून काढावा लागला होता. चार महिने तो टबात पाणी आणून तिचं तोंड धुवून देत होता.

"भिंतीवरचं बेसिन हवंय. खाली खांब नको, खुर्ची आत जायला हवी," तो म्हणाला. न्हाणीघरात त्याने पेन्सिलीने खूण करून ठेवली होती.

मी खूण पाहिली आणि थेट आईंपाशी गेले. "जरा न्हाणीघरापर्यंत येता? तुमचं माप घ्यायचंय."

त्या माझ्याकडे बघत राहिल्या. "मला विचारणारी तू पहिलीच," त्या म्हणाल्या.

भिंतीसमोर खुर्ची लावून मी टेप धरली. कोपर टेकेल तिथे कड, गुडघ्याच्या वर खालचा पाइप. मुलाची खूण चार बोटं वर गेली होती.

"गुडघ्यांना एवढी जागा पुरेल?"

"गुडघा एकच आहे, बाई. निम्मी जागा दिलीस तरी चालेल."

मी हसले आणि लगेच जीभ चावली. पण त्याही हसत होत्या. दारात उभा असलेला मुलगा मात्र हसला नाही. आईचं हसू त्याने फार दिवसांनी ऐकलं असावं.

भिंत जुनी निघाली. ड्रिल घातलं की विटेचा नुसता भुगा. तिथे बोल्ट धरला नसता, आणि आई तर बेसिनवर भार टाकून पुढे सरकणार. भोकं मोठी करून मी बोल्ट सिमेंटमध्ये बसवले.

"तीन दिवस हात लावायचा नाही. सकाळ-संध्याकाळ थोडं पाणी मारा."

"थोडं म्हणजे किती?" त्याने गंभीरपणे विचारलं. "माझा जन्म कागदात गेला... पाण्याचा अंदाज नाही मला."

"मग मीच येऊन मारते."

बोलून गेले आणि पुढे वाकून उगाच पिशवी आवरत बसले.

तीन दिवस गेले. रोज जरा जास्तच वेळ गेला. चौथ्या दिवशी बेसिन चढवलं. तो दोन्ही हातांनी ते तोलून धरून उभा, मी खाली बसून नट आवळतेय.

"दुखतायत का हात?"

"नाही... सावकाश होऊ द्या."

"मी सावकाशच करतेय."

"कळतंय मला," तो हळूच म्हणाला. माझ्या हातातला पाना निसटला.

नळ सुरू केला. आईंनी खुर्ची आत घेतली, कोपरं कडेवर टेकवली आणि आमच्याकडे वळून पाहिलं. "दार लावून घ्या. आणि बाहेर थांबा."

आम्ही बाहेर थांबलो. आत पाणी वाहत होतं, थांबत होतं, पुन्हा वाहत होतं. तो भिंतीला पाठ लावून उभा होता, डोळे मिटलेले, गाल ओले. मी तिथून हलले नाही.

महिन्याने त्याचा फोन आला. बेसिनखाली पाणी गळतंय. माझ्या कामात गळती? मी तडक गेले. खालच्या पाइपचा नट दोन आटे सैल होता. आपोआप असा होत नाही.

"तुम्ही केलंत हे?"

"मी? नाही... शप्पथ," तो चाचरला.

"त्याच्यात कुठली तेवढी हिंमत," खुर्चीतून आवाज आला. "मी केलं. खुर्चीतून हात नेमका तिथेच पोचतो." त्या खूप खंगल्या होत्या. दम घेत म्हणाल्या, "तो महिनाभर फोन उचलतो नि ठेवतो. माझ्याकडे एवढा वेळ नाही, पोरी. दुसरं मूत्रपिंडही जवाब देतंय."

नट आवळून मी निघाले. तो जिन्यात मागे आला.

"आईने केलं ते... ते मीच बोलायला हवं होतं. तुम्ही मला आवडता. फार."

मी कठड्याला धरून उभी राहिले. "गेल्या वर्षी माझं ठरलं होतं. साखरपुड्याच्या आधी त्यांनी अट घातली, दुसऱ्यांच्या न्हाणीघरात जायचं नाही. मी नाही म्हणाले. आजही नाहीच म्हणेन."

"चार महिने माझी आई मला तोंड धुऊ देत होती, पण माझ्याकडे बघत नव्हती," तो म्हणाला. "आता बघते. हे तुमच्या कामाने झालंय. ते सोडा, असं मी कोणत्या तोंडाने सांगू?"

मी कठडा सोडून म्हणाले, "वर चला. त्यांना आत्ताच सांगू या."

दोन पायऱ्या चढून तो थांबला. "आता तरी मला अहो-जाहो नको."

"सवय व्हायला वेळ लागेल."

"माझ्याकडे आहे वेळ..." तो म्हणाला. वरच्या दाराकडे बघत राहिला.

मी त्याचा हात हातात घेतला. "चल," मी म्हणाले.