सात वाट्या पाणी

"पुस्तक नाई, मॅडम. पेटीत पुस्तकच नाई!"

मंगळवारी सकाळी साडेसातला नोर्बूबाबांचा फोन आला, तेव्हा हवालदार पुष्पांजली कापगते चहा गाळत होती. चहा तसाच राहिला. ठाण्यात परदेशी नागरिकांचं रजिस्टर तिच्याकडे होतं, आणि बाबांचं विमान गुरुवारी दुपारचं.

नोर्बूबाबा गोंदिया जिल्ह्यातल्या प्रतापगडाकडच्या तिबेटी वसाहतीत तेरा वर्षांचे असताना आले. पन्नासहून जास्त वर्षं इथला तांदूळ खाल्ला, झाडीबोली बोलले, बायको इथल्याच मातीत गेली. कागदावर मात्र अजून परदेशीच. त्यांचं असणं-नसणं ठरायचं ते एका हिरव्या नोंदणी पुस्तकावर. देशाबाहेर जायच्या परवानगीचा शिक्काही त्यातच. एकुलती एक मुलगी पेमा टोरांटोत, सोमवारी तिच्या मेंदूचं ऑपरेशन. व्हिसा दोनदा नाकारून तिसऱ्यांदा मिळालेला, तोही महिनाअखेरपर्यंतचाच.

पुष्पांजली अर्ध्या तासात पोचली.

देवाची खोली लहानशी. लाकडी पेटीवर पिवळं कापड, कापडावर पितळेच्या सात वाट्या पाण्याने भरलेल्या, मागे बुद्धाची मूर्ती. पेटी उघडायला वाट्या आणि कापड आधी उचलावं लागे. पुष्पांजलीने पहिली वाटी उचलली आणि पाणी सांडून तिची बाही भिजली. कापड आधीपासूनच ओलसर होतं.

"घरी नव्हता तुम्ही?"

"शनिवारी नागपूरले गेलतो, तिकिटासाठी. काल रात्री वापस आलो आन् तसाच झोपलो."

"कुलूप?"

"जसंच्या तसं. किल्ली चौकटीवर राहते. साऱ्या गल्लीले माहीत आहे."

"पेटीतून आणखी काय गेलं?"

"काहीच नाई. बायकोची फिरोज्याची माळ होती, तिले हातबी नाई लावला."

"ह्या वाट्या आज भरल्या?"

बाबा थबकले. "मी? मी तर गावाले जाताना पालथ्या घालून गेलतो. सकाळी पेटी पाहाले घाईत उतरवून परत मांडल्या तवा कापड ओलंच होतं, पन ध्यानात नाई आलं. रिकामी वाटी उताणी ठेवत नाई आम्ही." त्यांनी वाकून पाहिलं. "आन् मी एवढ्या भरत नाई. काठाच्या खाली जवाच्या दाण्याएवढी जागा सोडतो."

पुष्पांजलीने वहीत लिहिलं आणि विचारलं, "जाणार हे कोणाकोणाला माहीत होतं?"

"साऱ्यांले. कैलाश मागच्या आठवड्यात येऊन भांडून गेला."

कैलाश कोहमारा गावातला तिकीट एजंट. बाबांनी तिकीट दुसरीकडे काढलं म्हणून त्याचं पोट दुखत होतं. बाबांच्या जाण्याने नुकसान होणारा दुसरा माणूस चैतराम डोंगरवार, त्यांची धानाची जमीन तीस वर्षांपासून अधियाने, म्हणजे अर्ध्या वाट्यावर, करणारा. त्याची बायको धुरपता दर भाऊबीजेला बाबांना ओवाळायची. यंदाचं ओवाळणं होऊन आठ दिवसही झाले नव्हते.

ठाण्यात येऊन पुष्पांजलीने आधी कायद्याचं काम केलं. पुस्तक हरवल्याची नोंद चोवीस तासांत केली नाही, तर गुन्हा बाबांवरच! तिने संगणकावर नोंद केली, मग फोनवर कैलाशला धरलं.

"मैं तो कल दिनभर गोंदियात होतो मॅडम. पासपोर्टच्या लाइनमध्ये आठ माणसं होती, विचारून घ्या."

तिने विचारलं. खरं निघालं.

दुपारी ती चैतरामच्या दारात उभी राहिली. मागे धान पिवळं पडून ओंब्या वाकल्या होत्या.

"काल कुठे होता, भाऊ?"

"कोहमाऱ्याले. कापणीची मशीन ठरवाले. सांजच्याले आलो."

"बाबा गेले आणि तिकडेच राहिले, तर जमिनीचं काय?"

चैतराम खाली बघत म्हणाला, "जमीन वसाहतीच्या सोसायटीकडे वापस जाईन. मंग ज्याले देतीन त्याले. आपल्याजवळ का कागद आहे?"

धुरपताने पाणी आणलं. पेला इतका भरलेला की हातात घेताना बोटं भिजली. अंगणात तुळशीपुढचा गडूही काठोकाठ होता. पुष्पांजली त्याच्याकडे जरा जास्तच वेळ बघत राहिली. तिची आईही गडू असाच भरते. देवापुढं हात आखडू नये म्हणते.

चैतराम कोहमाऱ्याच्या धाब्यावर होता हे मशीनवाल्याने सांगितलं. बुधवारी सकाळी पुष्पांजलीने नवराबायकोला बाबांच्या देवाच्या खोलीत बोलावलं. तिला हे काम अजिबात आवडत नव्हतं.

"चोराने चांगली माळ सोडली आणि पुस्तक नेलं. म्हणजे त्याला पैसा नको होता, बाबांचं जाणं थांबवायचं होतं. कैलाश गोंदियात होता. आता ह्या वाट्या बघा. बाबा पालथ्या घालून गेले, आल्यावर भरलेल्या. चोर कधी देवाला पाणी भरून जातो काय? हा चोर ह्या देवाला भीत होता. पेटी उघडायला वाट्या काढल्या, परत ठेवताना देवापुढं पालथं भांडं ठेवायला मन धजेना. म्हणून भरल्या. पण ह्या घरची माणसं वरून दाण्याएवढी जागा सोडतात. आपल्या घरची बाई काठोकाठ भरते. मंगळवारी सकाळी कापड ओलं होतं, म्हणजे पाणी सोमवारचं. सोमवारी चैतरामभाऊ कोहमाऱ्यात."

तिने श्वास घेतला. "धुरपताबाई, पुस्तक कुठे आहे?"

चैतराम बायकोकडे बघतच राहिला. धुरपता घरी गेली आणि धानाच्या ढोलीत हात घालून पुस्तक घेऊन आली. हिरव्या कव्हरवर भुसा चिकटला होता.

"मले वाटलं पुस्तक नाई तर जाणं थोडं लांबन," ती रडत म्हणाली. "हे उभं धान तेवढं कापून पदरात पडलं का मी पेटीत ठेवणार होती, दादा. देवाशप्पथ. मले काय माहीत एवढ्याशा पुस्तकावर सारं अडते!"

"कायले वो असं केलं?" बाबा एवढंच म्हणाले.

पुस्तक मिळालं! पुष्पांजलीने तिथूनच वरच्या कार्यालयात फोन लावला. पलीकडच्या बाबूने नंबर टाकला.

"हा नंबर काल रद्द झाला, मॅडम. हरवल्याची नोंद तुमच्याच लॉगिनने आहे."

"पण सापडलं ना आता! माझ्या हातात आहे!"

"सिस्टीम मागे फिरत नाही. नवीन पुस्तकाला अर्ज करा. तीन महिने."

तिने साहेबांना फोन केला, साहेबांनी दिल्लीला. संध्याकाळपर्यंत सगळीकडून तेच उत्तर. केलेलं काम नियमाप्रमाणे बरोबर होतं, आणि त्या बरोबर कामानेच म्हाताऱ्याचा रस्ता बंद झाला होता. पुष्पांजलीला स्वतःचीच चीड आली.

आता जबाब लिहायचा होता. "पुस्तक कुठे सापडलं, बाबा?"

"माझ्याच पेटीत. म्हातारा आहो, दिसलं नाई."

"असं लिहिलं तर निष्काळजीपणा तुमच्या नावावर चढतो. पुढे परवानगी मागाल तेव्हा हेच काढतील."

"आन् खरं लिहिलं तर? धुरपताले धरून नेतीन. मंग इचारतीन, ही बाई तुमची कोन? जमीन कोन करते? सरकारी पट्ट्याची जमीन दुसऱ्याले काऊन देली? या दोघायचं पोट जाईन, माझंबी घर जाईन." त्यांनी हात जोडले. "माझ्या पेटीतच सापडलं म्हणून लिही, बाई."

पुष्पांजलीने लिहिलं. खोटं आहे हे माहीत असून लिहिलं, कारण खऱ्याने कोणाचंच भलं होणार नव्हतं.

बाबांनी सही केली तोच फोन वाजला. पेमा. बाबांनी तो न उचलता धुरपतापुढे केला. धुरपताने फोन घेतला. ह्याच पोरीला तिने आई गेल्यावर चार वर्षं स्वतःच्या हाताने जेवू घातलं होतं.

"आत्या! तू आहेस काय? बाबाची बॅग भरून झाली? स्वेटर टाकलं ना? इथं लई थंडी आहे."

धुरपता तोंडाला पदर लावून उभी राहिली.

"आत्या? ऐकू येऊन राहिलं काय? बाबा निघून राहिले ना उद्या?"