न दुखणारा दोर

चंद्रावरच्या तळावर लाव्हाच्या जुन्या भुयारात उतरणारा पाळणा चार पोलादी दोरांवर लोंबत असे. शर्वाणी तळपदे त्या दोरांची देखभाल करायची. प्रत्येक दोराच्या पोटात काचेचा एक वेदनातंतू होता. तारा झिजू लागल्या की तंतू ताणला जाई, पाळणा चालवणाऱ्या नियंत्रक-संगणकाला ‘दुखतंय’ असं कळे आणि तो त्या दोरावरचा भार इतरांवर टाकी. त्यामुळे आजवर एकही दोर तुटला नव्हता.

त्यातही तिसरा दोर गुणी. बाकीचे तिघे अधूनमधून कुरकुरत, याची वर्षभरात एक तक्रार नाही. शर्वाणी जेवताना हे कौतुकानं सांगत होती, तेव्हा तळाचे डॉक्टर फिरदोस वाडिया थबकले.

“अजिबात दुखत नाही? मग मला त्याचीच काळजी वाटते. मधुमेहात पाय बधिर झाला की खडा रुतला तरी कळत नाही. दुखऱ्या पायाला माणूस जपतो, बधिर पायावर बिनधास्त वजन टाकतो.”

“तंतू तुटला तर नियंत्रकाला कळतं, डॉक्टर.”

“तुटला तर. नुसता बधिर झाला तर?”

शर्वाणी उठलीच. तंतू तारांना लेपानं चिकटवलेला असे. थंडीनं लेप सुटला, तर तंतू शाबूत राहील, पण तारांचा ताण त्याच्यापर्यंत पोचणारच नाही. तिनं कप्पीजवळ जाऊन तिसऱ्या दोराला शिकंजा लावून आवळला. एवढ्यानं दुखायला हवं होतं, पण पडद्यावर वेदना शून्य. पाळण्याचा जवळजवळ सगळा भार त्याच दोरावर होता, आणि भूशास्त्रज्ञ हेरंब माळवदे साथीदारांसह पाळण्यातून नुकताच खालून निघाला होता.

तिनं पाळणा थांबवला, भार बाकीच्या तिघांवर टाकायला सांगितलं. नियंत्रकानं नकार दिला. दुखऱ्या दोरांवर भार टाकायचा नाही, हे तिनंच त्याला शिकवलं होतं.

“दुखतंय ना, म्हणजे त्यांचं तरी खरं कळतंय,” ती म्हणाली. तिनं नियंत्रकच बंद केला आणि त्या तीन दोरांवर पाळणा हातानं, सावकाश वर घेतला.

“आज फारच हळू आणलंत, शर्वाणीताई,” हेरंब शिरस्त्राण काढत म्हणाला.

“हो, आज जरा सांभाळून आणलं,” ती म्हणाली.

तिसरा दोर कापला, तर आतल्या निम्म्याहून जास्त तारा तुटलेल्या. कुरकुरणारे तिघे मात्र जवळजवळ नव्यासारखे होते. वर्षभर त्यांचा भार तिसऱ्यानंच वाहिला होता.

नवा दोर बसवल्यावर शर्वाणीनं त्याला शिकंजा आवळला. पडद्यावर तांबडा ठिपका लुकलुकला.

“दुखलं त्याला,” ती डॉक्टरांना म्हणाली, आणि कितीतरी वेळानं मोकळी हसली.