तिसऱ्या दिवशीचं फूल

रिक्षा टेंबलाईच्या उड्डाणपुलाजवळ बंद पडली तेव्हा माझ्या मांडीवर एक कुंडी होती, आणि त्या कुंडीत जगात उरलेल्या तीन झुडपांपैकी एक होतं.

श्रावणातली सर... आली, गेली, पुन्हा आली. ऊन मात्र हलायला तयार नाही. रिक्षावाल्या काकांनी हात टेकले. मी ओढणी पानांवर धरून रस्त्याकडेला उभी राहिले. मी चिंब, झुडूप कोरडं. तेवढ्यात एक पांढरा टेम्पो पुढं जाऊन कचकन थांबला आणि तसाच मागं आला.

"कुठं निघालायसा म्याडम? बसा की, सोडतो."

खिडकीतून एक सत्तावीस-अठ्ठावीस वर्षांचा चेहरा डोकावत होता. उन्हानं रापलेला, हसायच्या तयारीतला.

"नको... म्हणजे, अनोळखी माणसाच्या गाडीत—"

"अनोळखी कसलं? टेम्पोवर नाव हाय, गाव हाय, नंबर हाय. फोटो काढा, घरी पाठवा, मग बसा."

मी खरंच फोटो काढला. त्यानं फोटोसाठी घाईघाईनं केसांवरून हात फिरवला. तिथंच मला हसू आलं.

टेम्पोत मागं जरबेऱ्याचे आणि निशिगंधाचे खोके होते. वास केबिनभर दाटलेला. त्याचं नाव उदयसिंह. वारणानगरजवळ त्याचं पॉलिहाऊस होतं आणि तो बाजारात फुलं घेऊन आलेला.

"कसलं झाड हे?"

"झुडूप आहे. तुम्हाला माहीत नसेल."

"सांगा की. आमी पण झाडांवरच जगतो."

मग मी सांगितलं. अंदमानच्या समुद्रात एक बेट आहे, चालत तासाभरात पालथं घालता येईल एवढं. हे झुडूप जगात फक्त तिथंच उगवायचं. आमच्या विद्यापीठातल्या अस्मिता मॅडमनी आठ वर्षांपूर्वी तिथून एक फांदी आणली आणि तिची तीन रोपं केली. पुढं एका वादळात बेटाचा तो कडाच समुद्रात गेला. उरली ही तीन. त्यांतली दोन बेंगळुरूच्या वनस्पती उद्यानात, अजून एकदाही न फुललेली. हे तिसरं दरवर्षी फुलतं, पण त्याला आजवर फळ धरलेलं नाही. म्हणजे बी नाही. काल विभागाच्या काचघरावर फांदी कोसळली, म्हणून मी ते मॅडमच्या राजारामपुरीतल्या गच्चीवर नेत होते.

त्यानं मान वळवून कुंडीकडं पाहिलं.

"म्हणजे... हे गेलं तर संपलंच?"

"जवळजवळ."

त्यानंतर त्यानं टेम्पो असा चालवला, की प्रत्येक खड्डा जणू पायानं चाचपून ओलांडत होता. मागून हॉर्नचा गोंगाट सुरू झाला.

"लोक ओरडतायत," मी म्हटलं.

"ओरडू द्या. त्यांना काय म्हाईत, पुढं कोण बसलंय."

हे झुडपाबद्दल होतं की माझ्याबद्दल, मला कळलं नाही. मी खिडकीबाहेर बघत राहिले. कान मात्र गरम झाले होते.

उतरताना तो म्हणाला, "गच्चीवर वारं झोडपंल ह्याला. आमच्याकडं धुकं सोडणारा फॉगर हाय, सावलीचं नेट हाय. नंबर टेम्पोवर हायच." आणि गेला.

चार दिवसांत पानं कडेनं वळली. मी तो फोटो मोठा करून नंबर लावला.

अस्मिता मॅडम कडक. त्यांनी आधी पॉलिहाऊसची जातीनं तपासणी केली. तापमान किती, ओल किती, फवारणी कसली, असे प्रश्नांवर प्रश्न. उदयसिंहानं एकेक उत्तर न अडखळता दिलं. शेवटी मॅडम म्हणाल्या, "ठेव इथंच."

त्याची आई, शालूबाई, चहा घेऊन आल्या. झुडपाचं नाव विचारलं. मी शास्त्रीय नाव सांगितलं.

"अगं बाई, एवढं म्हणंस्तवर च्या गार हुईल. बेटावरची न्हवं? मग बेटी म्हणायचं."

झालं. त्या दिवसापासून ती बेटी.

मी रोज दुपारी एसटीनं जायला लागले. मापं घ्यायची, पानं मोजायची, वहीत लिहायचं. कामाला एक तास लागायचा, मी तीन तास थांबायची. उदयसिंह जरबेरा तोडता तोडता काहीतरी बोलत राहायचा.

"एक विचारू?" मी एकदा म्हटलं. "कोल्हापुरात सगळे मला ताई म्हणतात. तुम्ही पहिल्या दिवसापासून मॅडम का म्हणता?"

तो फुलांच्या गड्डीला रबर लावत होता. रबर तुटलं.

"मुद्दामच," तो म्हणाला. वर न बघता.

"मग मॅडम तरी कशाला? क्रांती म्हणा."

"म्हणतो की... जरा सवय हुईस्तवर थांबा."

सप्टेंबर लागला आणि बेटीला चौदा कळ्या आल्या. फुलं पांढरी, चिमणीच्या चोचीएवढी. उमललं की मी ब्रशनं पराग उचलून त्याच फुलाच्या मध्यावर लावायची. सहा वर्षं हेच करत आले होते. तिसऱ्या दिवशी फूल गुलाबी व्हायचं, म्हणजे कोमेजायचं. मग झुडपाची ताकद वाया जाऊ नये म्हणून मी ते खुडायची. वहीत तसा नियमच होता.

यंदा वेळ मात्र संपत आला होता. महिन्याअखेर प्रकल्प बंद होणार होता. बेटी बेंगळुरूला जाणार आणि मी पुण्यात एका कंपनीत, टेबलामागं.

दहावं फूल खुडताना मागून आवाज आला.

"थांबा की! काय करालायसा?"

"वाळलेलं फूल काढतेय."

"वाळलेलं? जिवंत हाय ते!" त्यानं हातातली कात्री टाकली आणि खाली वाकून बघितलं. "मी दोन वर्षं कर्नाटकात राणेबेन्नूरला बियाण्याच्या प्लॉटवर होतो. मिरचीच्या फुलाला हातानं पराग लावायचं काम. फूल कधी तयार असतंय ते माझ्या बोटांना कळतंय. भिंग हाय न्हवं तुमच्याकडं? बघा."

मी भिंग लावलं. पांढऱ्या फुलात मध्यावरचा जो दांडा मिटलेला असायचा, तो या गुलाबी फुलात टोकाशी दुभंगला होता. दोन बारीक ओठ... ओलसर, चिकट. पराग स्वीकारायला पूर्ण तयार. आणि पराग तर पहिल्याच दिवशी झडून गेलेला असतो!

म्हणजे फूल मरत नव्हतं. तिसऱ्या दिवशी ते कुठं तयार होत होतं.

"सहा वर्षं..." मी भिंग खाली ठेवलं. "सहा वर्षं मी माझ्याच हातानं—"

मी तिथंच मातीत बसले आणि रडले. शेजारच्या वाफ्यातल्या बायका फुलं तोडायच्या थांबल्या. उदयसिंह माझ्यासमोर उकिडवा बसला.

"क्रांती." पहिल्यांदाच म्हणाला. "रडायचं काम रात्री घरी जाऊन करा. आता चार फुलं शिल्लक हायत. दोन गुलाबी, एक पांढरं, एक कळी. पांढऱ्याचा पराग घ्या आणि गुलाबीला लावा. उठा बघू."

असा हुकूम मला आजवर कुणी सोडला नव्हता. मी उठले.

मी पांढऱ्याचा पराग ब्रशवर उचलला. त्यानं एका हातानं फांदी धरली आणि दुसऱ्यानं माझं मनगट... अलगद, जसा त्या दिवशी खड्ड्यांवरून टेम्पो नेला होता. ब्रशचं टोक त्या ओल्या ओठांना टेकलं. काम झालं तरी मनगट सुटलं नाही. मीही सोडवून घेतलं नाही.

"लागला," तो हळूच म्हणाला.

"हो," मी म्हटलं. कशाबद्दल, ते आम्ही कुणीच विचारलं नाही.

पुढच्या चार दिवसांत उरलेल्या दोन फुलांनाही जपून ठेवलेला पराग लावला. आठवड्यात तीन फुलं गळली. चौथं नाही. त्याच्या देठाशी एक हिरवा ठिपका दिसायला लागला. मोहरीएवढा, मग ज्वारीएवढा. उदयसिंह रोज सकाळी फोटो पाठवायचा आणि मी दात घासता घासता तो माझ्या आईला, माईला दाखवायची. माई फोटोपेक्षा माझ्या चेहऱ्याकडं जास्त बघायची.

आणि महिन्याअखेर पत्र आलं. झुडूप तीन दिवसांत बेंगळुरूला पाठवा.

प्रवासात फळ गळणार, हे मला ठाऊक होतं. मॅडमनी चार फोन केले. प्रकल्पाच्या समितीचं एकच म्हणणं: नियम म्हणजे नियम. तेव्हा आयुष्यात पहिल्यांदा मी मोठ्या माणसांशी मोठ्यानं बोलले.

"सर, मी सहा वर्षं नियमच पाळला आणि सगळी फुलं खुडली. आता नाही. तुम्ही इथं या. बघा. मग न्यायचं असेल तर न्या."

ते आले. पॉलिश केलेल्या बुटांनी वारणेच्या काळ्या चिखलातून चालत तीन साहेब आत शिरले. मी भिंग पुढं केलं. मुख्य साहेबांनी बघितलं. पुन्हा बघितलं. मग चष्मा काढून तिसऱ्यांदा.

"हे... फळ आहे?"

"होय सर. जगातलं एकुलतं एक."

ते सरळ उभे राहिले. "झुडूप हलवायचं नाही," ते बरोबरच्यांना म्हणाले. "आणि या मुलीलाही नाही."

बायकांनी टाळ्या वाजवल्या. शालूबाईंनी तिन्ही साहेबांना बळंबळं शिरा खाऊ घातला. प्रकल्पाला मुदतवाढ मिळाली आणि मी पुण्याच्या कंपनीला नकार कळवला.

नोव्हेंबरच्या शेवटी फळ पिकलं, जांभळं, करवंदाएवढं. आत पाच बिया. डिसेंबरात त्यांतल्या तीन रुजल्या. पहिला अंकुर मातीतून मान वर काढताना मी, मॅडम, उदयसिंह आणि शालूबाई, चौघंही एका ट्रेवर डोकं टेकून बघत होतो. मॅडमनी मला मिठी मारली. कडक मॅडमनी!

जानेवारीत पत्र आलं. रोपं त्या बेटावर परत लावायची, आणि ते काम माझ्याकडं. वर्षभर अंदमानात.

मी पत्र घेऊन थेट पॉलिहाऊसात गेले. उदयसिंह जरबेऱ्याच्या वाफ्यात उभा होता. त्यानं पत्र सावकाश वाचलं. घडी घातली.

"जावा की," तो म्हणाला. "तुमचंच काम हाय ते. दुसऱ्या कुणाला जमायचं न्हाय."

"एवढंच?"

"आणि काय?"

"उदयसिंह, तीन रोपं आहेत. फुलतील तेव्हा फूल कधी तयार आहे ते कुणाच्या बोटांना कळणार?"

त्यानं मान खाजवली. "मला बोटीत मळमळतंय. अलिबागला गेलतो तवा..."

"लिंबू देईन."

"पॉलिहाऊस?"

"ते मी बघते!" पलीकडच्या वाफ्यातून शालूबाईंचा आवाज आला. "आणि सरळ इचार की रं तिला! पाच म्हैने झालं, नुसतं फुलांकडं बघून बोलतोस."

सगळ्या बायकांच्या माना इकडं वळल्या. उदयसिंह कानापर्यंत लाल. त्यानं हात पँटला पुसले, एक पाऊल पुढं आला आणि या वेळी फुलांकडं नाही, माझ्याकडं बघितलं.

"क्रांती... माझ्यासंगं लगीन करशील?"

मी उत्तर मनात कितीदा घोकलं होतं! छान, प्रमाण भाषेतलं, लाजरं. ऐनवेळी ते सगळं विसरले. सहा वर्षं दबकत बोलणारी मी, पॉलिहाऊसचा प्लॅस्टिकचा कागद फडफडेल एवढ्या मोठ्यानं ओरडले,

"व्हय की!"